धुण्याचा ओटा, वरच्या मजल्याची वीज आणि माझ्या पश्चातची व्यवस्था

मी, श्रीमती शैलजा भालचंद्र चिंचोलकर, वय बहात्तर, सेवानिवृत्त शिक्षिका, राहणार जळगाव जामोद, जिल्हा बुलढाणा, हे मृत्युपत्र स्वतःच्या अकलेने व स्वतःच्या हाताने लिहीत आहे. कोणाचाही दबाव नाही. ज्यांनी आणून पाहिला, त्यांना माझा स्वभाव ठाऊक आहे. मी शुद्धीवर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. दाखल्यांचे महत्त्व मला उशिरा कळले, ते पुढे येईलच. यापूर्वीची दोन मृत्युपत्रे रागात लिहिली होती, ती रद्द समजावीत.

१. घर. मी व माझे पती कै. भालचंद्र यांच्या कमाईतून बांधलेले दुमजली घर मुलगा श्रेयस यास देते. अट कलम २ मध्ये आहे. या घराला नगरपालिकेचा भोगवटा दाखला, म्हणजे राहायला जाण्याची मंजुरी, नाही. बांधकाम संपले तेव्हा यजमान म्हणाले होते, "शैला, दाखल्याचा अर्ज देऊन येतो." मी म्हटले, "आधी वास्तुशांत. मुहूर्त थांबत नसतो." वास्तुशांत झाली, पंगती उठल्या, आम्ही राहायला आलो आणि घर पूर्ण झाले असे मी ठरवून टाकले. जन्मभर नागरिकशास्त्र शिकवणाऱ्या बाईने हे केले, असे श्रेयसने नातवंडांना सांगण्यास माझी हरकत नाही.

२. दावा. बांधकामासाठी घेतलेल्या तात्पुरत्या वीजजोडणीवर हे घर वर्षानुवर्षे चालले. यजमान गेल्यावर कंपनीने भोगवटा दाखला मागितला व तो नाही म्हणून वीज तोडली. नगरपालिकेतले साहेब म्हणाले, बाजूला सोडायच्या मोकळ्या जागेत तुम्ही धुण्याचा ओटा बांधला आहे. तो काढा आणि दाखला घेऊन जा. मी ओटा काढला नाही, कोर्टात गेले. विजेचा ओट्याशी काय संबंध, हा माझा मुद्दा होता. पुरावा म्हणून वास्तुशांतीचा अल्बम दाखल केला. न्यायाधीशांनी तो शेवटच्या पानापर्यंत चाळला व म्हणाले, "बाई, जिलेबी छान दिसते आहे. भोगवटा कुठे दिसत नाही."

तरीही वीज पुन्हा जोडून निकाल लागेपर्यंत चालू ठेवण्याचा हुकूम त्यांनी दिला. तो माझ्या नावावर आहे, ही खरी अडचण. मी गेल्यावर वारसाने मुदतीत नाव लावले नाही तर दावा संपेल, हुकूम संपेल आणि वरचा मजला अंधारात जाईल.

वरच्या मजल्यावर ताहेरा भाड्याने राहते. तिचे शिवणकाम विजेच्या मशीनवर चालते आणि त्यावर तिचे घर. वीज तोडली तेव्हा लग्नसराई होती, ब्लाउज अर्धे शिवून पडले होते. ती खाली आली.

"बाई, एका ओट्यासाठी काऊन एवढं भांडून राह्यल्या? तोडून टाका ना त्याले."

"प्रश्न ओट्याचा नाही, ताहेरा. तत्त्वाचा आहे."

"हाव. पण तत्त्वावर माही मशीन चालत नाही न, बाई."

हा युक्तिवाद मी आमच्या वकिलांना जसाच्या तसा सांगितला. तो कोर्टात बोलू नका, असे ते म्हणाले.

सबब, श्रेयसने क्रियाकर्म आटोपताच कोर्टात वारस म्हणून नाव लावावे. मुदतीत न लावल्यास घर माझी भाची गार्गी हिचे. ती मेहकरला असते आणि पहिल्या बसने येईल. घर कोणाचेही होवो, ताहेराला हवे तोवर आहे त्याच भाड्यात राहू द्यावे.

३. इन्व्हर्टर. "आई, सोड ना ती केस, मी इन्व्हर्टर पाठवतो," असे म्हणून श्रेयसने पुण्याहून पाठवलेला इन्व्हर्टर त्यालाच परत देते. खोके उघडलेले नाही. त्यावर लोणच्याची बरणी आहे, ती गार्गीची.

४. ठेव व दागिने गार्गीला. मृत्युपत्राची अंमलबजावणीही तिनेच करावी, कारण माझ्याशी भांडून जिंकलेली ती एकटीच.

५. सब्बल. जिन्याखाली लोखंडी सब्बल, म्हणजे पहार, आहे. ताहेरा बोलून गेली त्याच आठवड्यात मी ती विकत आणली. एके सकाळी ओट्यापर्यंत नेलीही. तेवढ्यात नगरपालिकेचे साहेब स्कूटरवरून गेले व त्यांनी नमस्कार केला. मी सब्बल पदराआड धरली आणि धुवायचे नसलेले कपडे धुवायला बसले. पडदेसुद्धा धुतले. ही सब्बल ताहेराला देते.

६. ओटा. माझी शेवटची आंघोळ याच ओट्यावर घालावी. तेरावे झाल्यावर, वारसाचे नाव लागल्याची खात्री करून, ओटा तोडावा. पहिला घाव ताहेराने घालावा, तिची फार दिवसांची इच्छा आहे. मग भोगवटा दाखला घ्यावा, वरच्या मजल्याचे कायमचे मीटर ताहेराच्या नावे करावे आणि त्यानंतरच दावा मागे घ्यावा. हा क्रम चुकवू नये. माझी हार नीट, कागदोपत्री आणि माझ्या गैरहजेरीत व्हावी.

वाचून, दुरुस्त करून सही केली.

शैलजा भालचंद्र चिंचोलकर
जळगाव जामोद, १४ नोव्हेंबर २०२५

साक्षीदार:

१. नौशाद, शेजारी, विजेच्या सामानाचे दुकान. बाईंनी माझ्यासमोर सही केली. माझा पेन फिका चालतो म्हणून मला बोलल्या.

२. वच्छलाबाई, समोरच्या घरी राहणार. कलम ६ बाईंनी मला दोनदा वाचून दाखवले. मी म्हटले, "मंग आजच तोडा ना, बाई." त्यावर त्यांनी मला "सही कर" असे दटावून गप्प केले. यावरून त्या पूर्ण शुद्धीवर होत्या, असे मी लिहून देते.