खांबावरच्या खुणा

घाटकोपर,
९ ऑगस्ट १९८४

ती. मामंजींस नलिनीचा शि. सा. न. वि. वि.

परवा सावंतवाडीहून तारीख करून पोचलो. एस.टी.त चौदा तास शकु माझ्या मांडीवर तापाने फणफणलेली. आज उठल्या उठल्या तिने विचारलं, पुढच्या वेळी आजोबा खूण करतील ना? कोर्टाच्या व्हरांड्यातल्या खांबावर दर तारखेला तुम्ही पेन्सिलीने तिची उंची टिपता, कोर्ट म्हणजे तिला तेवढंच ठाऊक.

घटस्फोटाची केस मुंबईला वर्ग करावी म्हणून हायकोर्टात अर्ज केलाय. ह्यांचं उत्तर आलं, मुलगी दर तारखेला आजारी पडते हे माझं ढोंग आहे. वकिलांनी विचारलं, तिकडे कोर्टात तिला आजारी पाहणारं कुणी होतं का. मी नाही म्हटलं. तुमचं नाव घेववेना. आणि केस इकडे आली तर तुम्हाला शकु कुठे दिसणार, हेही मनात येतंच.

तुमची नलिनी

झाराप,
१८ ऑगस्ट १९८४

चि. सौ. नलिनीस अनेक आशीर्वाद. कोर्ट काहीही ठरवो, सौ. लिहायची माझी सवय जाणार नाही.

माझं नाव लपवायचा शहाणपणा तुला कुणी शिकवला गं? पोरीच्या कपाळावर ओला रुमाल धरून मीच बसलो होतो. जयवंत समोरच्या बाकावर पेपर वाचत होता. तसं प्रतिज्ञापत्र करून सोबत पाठवतो आहे. जयवंतला सांगूनच केलं. तो म्हणाला, तुम्ही बाप कुणाचे? मी म्हटलं, तुझाच, पण तिचा आजोबाही आहे. तेव्हापासून बोलणं बंद आहे.

मोतीबिंदूमुळे मुंबई एकट्याने गाठणं आता होत नाही. त्याचा विचार तू करू नकोस. शकुला पापा.

दत्ताराम

घाटकोपर,
४ डिसेंबर १९८४

ती. मामंजींस शि. सा. न.

अर्ज मंजूर झाला. जजसाहेब म्हणाले, खुद्द नवऱ्याचा बाप सांगतोय, आणखी काय हवं. आता कोर्ट घरापासून तासाभरावर.

शकुला दाराशी उभं करून खूण करू लागले, तर म्हणते, ते आजोबांचं काम आहे. कशीबशी उभी राहिली. तिच्या उंचीएवढा दोरा तोडून सोबत ठेवते. डोळ्यांना जपा. आमच्यावरचा लोभ तेवढा केसबरोबर वर्ग होऊ देऊ नका.

नलिनी

झाराप,
२० डिसेंबर १९८४

चि. सौ. नलिनीस आशीर्वाद.

दोरा पोचला. जयवंत अजून बोलत नाही. आम्ही दोघं वेगवेगळ्या वेळी जेवतो.

काल सावंतवाडीला जाऊन आलो. दोरा खांबाला लावला, मागच्या खुणेच्या दोन बोटं वर आला. तिथे पेन्सिल ओढली. शिपाई ओळखीचा. त्याने विचारलं, आजोबा, आज तारीख आहे काय? मी म्हटलं, आमची केस मुंबईला गेली. तो बिचारा म्हणाला, मग बसा घटकाभर. दुपारपर्यंत बसलो. आपल्या नावाचा पुकारा होणार नाही हे ठाऊक होतं, तरी कान तिकडेच.

पुढचा दोरा पाडव्याला पाठव. शकुला सांग, चप्पल काढून ताठ उभी राहा. आणि दोऱ्याला गाठ मारू नकोस, उंची कमी भरते.

दत्ताराम