पाहुण्यासाठी गव्हाचं सॅलड

प्रिय नेरिडाताई,

धाकट्याचा नमस्कार. तुझा खोकला गेला का? होबार्टला थंडी पडायला लागली असेल, कान झाकत जा. आम्ही इथे मिल्ड्युराला मजेत आहोत. तुझ्या भावजयीचा, डोरीनचा, हात प्लॅस्टरमध्ये आहे (मी "उतर" म्हणत असतानाच शिडीवरून पडली, म्हणून दोष माझा) आणि स्वयंपाक माझ्या गळ्यात पडलाय, तेवढं सोडून मजेत.

बागेच्या विक्रीचे कागद तुला मिळाले असतीलच. मी सही करून बसलोय. निम्मी बाग तुझी, तेव्हा आता सगळं तुझ्या सहीवर अडलंय. घेणारे मिस्टर ट्रेंबाथ, मेलबर्नचे. बाबांच्या द्राक्षवेली उपटून बदाम लावणार म्हणतात. म्हटलं, लावा बापडे. माझ्याच्याने आता होत नाही. रिवाज म्हणून त्यांना रविवारी जेवायला बोलावलं, तर गृहस्थांचा आधीच निरोप! मटण-बिटण डॉक्टरांनी बंद केलंय, अख्ख्या धान्याचं सॅलड करा, त्यात ताजी फळं आणि सुकी फळं घाला. आता मला सांग, चाळीस वर्षं शेगडीवर चॉप्स भाजणाऱ्या माणसाला हे सांगायची गोष्ट आहे का?

घरात धान्य म्हणजे कोंबड्यांचा गहू. तोच निवडला, धुतला, उकळत ठेवला. सकाळ सरली तरी दाणा आपला छर्ऱ्यासारखा टणक! डोरीन खुर्चीत बसून हुकूम सोडतेय. "लिंडसे, भिजवला होतास का?" भिजवायचा असतो हे आधी सांगायला काय झालं होतं? शेवटी एकदाचा शिजला. नाशपाती चिरली, अंजिरं चिरली, जर्दाळू कापले, यंदाचे बेदाणे घातले (अगं, काय रंग आलाय! मधासारखा!) आणि वरून फडताळातल्या बाटलीतलं तेल सढळ हाताने ओतलं. चव घेतली आणि तोंडभर साबण! वाळवण्याआधी द्राक्षं ज्यात बुडवतात, ते तेल होतं. शेड गळतेय म्हणून बाटली घरात आणली होती (कोणी आणली, हा विषय आमच्या घरात सध्या बंद आहे). सगळं पातेलं कोंबड्यांपुढे ओतलं. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मलाच लाज वाटली. मग पुन्हा गहू, पुन्हा नाशपाती, पुन्हा डोरीन. "हलक्या हाताने ढवळ रे, सिमेंट कालवतोयस का?"

ट्रेंबाथ आले. चांगले दिसतात, बूट पुसून आत आले. सॅलड बघून खूश झाले आणि काट्याने एकेक बेदाणा उचलून ताटाच्या कडेला मांडायला लागले! मला वाटलं, शेवटी खायला ठेवतायत. छे! "बाकी झकास जमलंय हो," म्हणाले, "पण बेदाणा आपल्याला चालत नाही. दातात चिकटतो." ताई, बाबांच्या बागेत, बाबांच्या टेबलावर! मला असा संताप आला! डोरीनने काय करावं? डावा हात लांब करून त्यांच्या ताटातला एकेक बेदाणा उचलला आणि त्यांच्या डोळ्यांत बघत खाल्ला. एकही सोडला नाही.

असो. व्यवहार म्हणजे व्यवहार. माणूस सज्जन आहे, सौदाही चांगला आहे, आणि मी काही हळवा नाही. कागद तुला सवडीने बघता येतील.

तुझा,
लिंडसे

ता. क. सवडीने म्हणजे अगदी सवडीने. घाई काय आहे?

ता. क. २. खरं सांगतो, सही करू नकोस. मी शब्द देऊन बसलोय, मला मागे फिरता येत नाही. तू फीर. बहीण हट्टी आहे, कोणाचं ऐकत नाही, असं मी ट्रेंबाथना आजच कळवलंय. जन्मभर मला छळलंस, एवढं एक काम कर.

ता. क. ३. जूनमध्ये छाटणी आहे. सकाळी कात्र्यांना धार लावली. तुझ्याही.