पडतानाचा शॉट

५ जानेवारी, रविवार
आज पहाटे आंघोळ करून कॅमेऱ्याला जास्वंदाचं फूल वाहिलं. गजानना, लग्नांची शूटिंग पुष्कळ झाली, आता सिनेमॅटोग्राफर म्हणून नाव होऊ दे. शेजारच्या धम्मानंदची मुलगी भूमिका खेळांवर विनोदी शॉर्ट फिल्म करते आहे. पहिली कबड्डीची. हीरो विक्की धावत येतो आणि ओल्या मैदानात सपशेल पडतो. एवढाच विनोद. उजेड सुरेख. काम उत्तम.

६ जानेवारी
भूमिका फुटेज पाहून आली. म्हणाली, "काका, विक्की पडला कुठी? तुम्ही कडुनिंब काहून दाखवून राहिले?"
समजावलं. इतक्या वर्षांत एक नियम पाळला. मांडवात कोणी घसरलं की कॅमेरा लगेच गणपतीकडे. माणसाची लाज राखावी. मैदानात गणपती नव्हता.
"पण इथं पडण्याचंच हसू आहे नं, काका!"
पोरीला सूचकता कळत नाही. तरी पुढच्या रविवारी कॅमेरा वळवणार नाही. संकल्प.

१२ जानेवारी, रविवार
विक्की पडत राहिला. कडुनिंब, पाण्याची टाकी, मारुतीच्या देवळाचा झेंडा, पुन्हा कडुनिंब. झेंडा अप्रतिम आलाय.
विक्की गुडघा चोळत म्हणाला, "उद्या मिहानच्या कंपनीत ड्युटीवर लंगडत जाईन, अन् फिल्ममध्ये मी दिसूनच नाही राहिलो!"
दोष मनगटाचा. आपोआप फिरतं. मी ठाम होतो.
पुढच्या वेळी जमलं नाही तर भूमिका अपूर्वला बोलावणार. ड्रोनवाला! ड्रोनला कसली माणुसकी.

१४ जानेवारी, संक्रांत
बायकोला सगळं सांगितलं. तुळसा म्हणाली, "घरात मी पडली तरी तुम्ही देव्हाऱ्याकडेच पाहाल." तिळाचा लाडू मात्र दिला.
खाताना उपाय सुचला. ट्रायपॉड.

१९ जानेवारी, रविवार
ट्रायपॉडचा स्क्रू पकडीने आवळला. आता कॅमेरा हलणं शक्य नाही.
हलला नाही. विक्की फ्रेममधून धावत गेला आणि फ्रेमच्या बाहेर जाऊन पडला. मी स्क्रू सोडवायला धावलो, ट्रायपॉडमध्येच पाय अडकला, तोंडावर चिखलात. पडल्या पडल्या भूमिकाला हाताने खुणावलं: तिकडे, झेंड्याकडे!
तिच्या हातात मोबाईल होता. तिने वळवला नाही.

२ फेब्रुवारी, रविवार
धम्मानंदच्या गच्चीवर फिल्म दाखवली. विक्कीचं धावणं, लगेच माझं पडणं, चिखलातून वर आलेला माझा हात. सगळी गल्ली हसली. मी सवयीने आभाळाकडे पाहिलं.
तुळसा डोळे पुसत म्हणाली, "इतक्या वर्षांत पहिल्यांदा दिसले जी तुम्ही कोण्या शूटिंगमध्ये."
लाज वाटायला हवी होती. शोधली, सापडली नाही.

३ फेब्रुवारी
पुढची फिल्म खो-खोची. विक्की फक्त धावणार, पडायचं मी. हे काम अनुभवी माणसाचंच. सकाळी फूल वाहिलं आणि कॅमेऱ्याची बॅग घेऊन भूमिकाकडे गेलो. एकच अट घातली: मी पडलो की क्षणभर तरी झेंडा दाखवायचा.
"पाहू नं, काका," म्हणत तिने हात पुढे केला.
कॅमेरा दिला.