शेवंताबाईंचा न छापलेला फोटो

बुधवार, संध्याकाळ

कोल्हापूर आता शांत आहे, मीच नाही.

सकाळी रशीदभाईंच्या बेकरीवर जमाव चालून आला. एक काच फुटली आणि शेजारी दूध विकणाऱ्या शेवंताबाई बेकरीच्या दारात आडव्या उभ्या राहिल्या. हातात दुधाची किटली तशीच. मी समोरून फोटो काढला. जमाव शिव्या देत मागं फिरला.

संपादक म्हणाले, "पहिल्या पानावर घेऊ." मी खूश झाले, खोटं कशाला लिहू?

दुपारी शेवंताबाईंचं पूर्ण नाव विचारायला गेले, तर बाई म्हणाल्या, "पोरी, त्यो फोटू छापू नगं. त्या जमावातली निम्मी आमच्याच गल्लीतली हाईत. आमचं मालक पहाटे एकटंच दूध घालत फिरत्यात."

"पण तुम्ही चांगलंच केलंय की."

"केलं की. उद्या त्यांना कुणी गाठलं, तर तू येणार हाईस व्हय फोटू काढाय?"

मी कचेरीत परतले आणि फोटो छापू नका म्हणून सांगितलं.

संपादक चिडले. चेहरा पुसून छापू म्हणाले. पण ती किटली, ते दार... गल्लीत कोण ओळखणार नाही? "अशा वेळी लोकांना हेच दिसायला पाहिजे," ते म्हणाले. बरोबरच आहे त्यांचं. तरी मी फोटो दिला नाही, फुटलेल्या काचेचा दिला.

मी बाईंना जपलं, की मीच भ्याले? उद्या सगळ्या गावाला काच फुटलेली दिसेल. जमाव कुणी परतवला, ते कुणालाच कळणार नाही.