ऑपरेशन कोरडी गादी

३ नोव्हेंबर, सोमवार
नूपुरने आज पुन्हा अंथरूण ओलं केलं. सात वर्षांची घोडी झाली. मंजुषा म्हणते, डॉक्टरांना विचारू. बायकोचं हेच. लगेच बाहेरची मदत. मी बँकेत अख्खी शाखा सुधारली (म्हणजे सुधारत होतो, तेवढ्यात कोलकात्याला बदली झाली). एक मुलगी काय अवघड आहे? आजपासून ऑपरेशन कोरडी गादी. संध्याकाळी पाचनंतर पाणी बंद.

५ नोव्हेंबर, बुधवार
गादी मागच्या बाल्कनीत वाळत घातली. पुढे ऊन जास्त येतं, पण ते समोरच्या चॅटर्जीबाईंच्या नजरेसमोर. लाज वगैरे काही नाही. आपण मोकळ्या विचारांचे. मागचं ऊन सौम्य असतं, कापसाला बरं. चॅटर्जीबाईंनी जिन्यात गाठून विचारलंच. आपल्या या सॉल्ट लेक भागाची हवा फार दमट, असं सांगितलं.

८ नोव्हेंबर, शनिवार
पाणीबंदीत गळती सापडली. नाचाच्या क्लासवरून आली की नूपुर बाथरूममध्ये जाऊन नळाचं पाणी पिते. मंजुषा माझ्याशी बोलत नाही. गादी ओली.
नवं धोरण: मध्यरात्री उठवून बाथरूमला नेणे. जबाबदारी माझी. अलार्म लावला.

९ नोव्हेंबर, रविवार
अलार्म वाजला म्हणतात. मंजुषा उठली. वरच्या मजल्यावरचे लोकही उठले म्हणे. मी नाही उठलो. आठवड्याचा थकवा असणार. गादी ओली.

१३ नोव्हेंबर, गुरुवार
बक्षीस योजना जाहीर. आठवडाभर गादी कोरडी, तर सायकल. नूपुरने लगेच रंग ठरवला, जांभळा. माणसाला मोटिवेशन लागतं, बस्स. हे डॉक्टर लोकांना कोण सांगणार?

१४ नोव्हेंबर, शुक्रवार
सकाळी गादी कोरडी. पाहणी मी स्वतः केली. ऑफिसात सगळ्यांना चहा पाजला, कारण सांगितलं नाही.
संध्याकाळी घरी आलो तर मंजुषाच्या हातात ओली चादर. कपाटामागे सापडली. गादी भिजू नये म्हणून नूपुर रात्रभर जमिनीवर झोपली होती. नियमाप्रमाणे बघितलं तर बरोबरच आहे तिचं.
तिने विचारलं, "बाबा, मी जानबूझके करते का?"
नाही गं, म्हटलं.
"मग सायकल कशाला देणार होतास?"
मी हातपाय धुवायला गेलो. दमलो होतो.

२२ नोव्हेंबर, शनिवार
डॉक्टरांकडे जायचा निर्णय घेतला. (मंजुषाने अपॉइंटमेंट आधीच घेऊन ठेवली होती, ती गोष्ट वेगळी.) रिसेप्शनवर तक्रार विचारली, तेव्हा मी हळूच 'जनरल' म्हणालो.
डॉ. सेनगुप्ता मुलांच्या डॉक्टर. बाई माझ्याशी बोलल्याच नाहीत, सगळं नूपुरशी. शाळेत पाणी पितेस का? नाही. का? गादी ओली झाली की बाबा रागावतात. शी रोज होते का? नाही, अडते, दुखतं. हे मला कोणी कळवलं नव्हतं. पाणी कमी, म्हणून पोट साफ नाही, म्हणून मूत्राशयावर दाब, म्हणून गादी आणखी ओली. म्हणजे ऑपरेशन चालू होतं, फक्त उलट्या दिशेने.
हा आळस नाही, खोड नाही, म्हणाल्या. लघवी आल्याचा निरोप काही मुलांना झोपेतून उठवत नाही. प्रत्येक वर्गात असं एखाददुसरं मूल असतंच. दिवसभर भरपूर पाणी, पोट साफ राहायला औषध, झोपण्याआधी बाथरूम. एकदा लघवीची तपासणी. बक्षीस नको, रागावणं नको. मग नूपुरला जवळ घेऊन म्हणाल्या, "तू करत नाहीस. ते झोपेत होतं." नूपुरने माझ्याकडे बघितलं. मी भिंतीवरच्या हत्तीच्या चित्राकडे.
माझ्यासाठी काय, असं विचारलं. म्हणाल्या, तुम्ही काही करू नका.
अवघड जबाबदारी आहे. स्वीकारली.

७ डिसेंबर, रविवार
तपासणी नॉर्मल. मधूनमधून कोरड्या रात्री. मी काहीच करत नाही आणि ते फारच परिणामकारक ठरतंय.
नूपुरला मैत्रिणीकडे, रिमझिमकडे, राहायला बोलावलंय. आजवर पोट दुखतं सांगून टाळायची. या वेळी जाते म्हणाली. रिमझिमच्या आईला नाजूकपणे कसं सांगावं, याचं मी छोटं भाषण तयार केलं. नूपुरने फोनवर आधीच सांगून टाकलं होतं.

१४ डिसेंबर, रविवार
नूपुरला रिमझिमच्या घरून, उल्टाडांग्याहून आणलं. शेअर ऑटोत बसल्याबसल्या तिने रिपोर्ट दिला. रात्री झालं. रिमझिमच्या आईने चादर बदलली. सकाळी सगळ्यांनी लुची (इकडच्या मैद्याच्या पुऱ्या) खाल्ली. हे सगळं हिंदीत, मोठ्याने. अख्ख्या ऑटोने ऐकलं.
शेजारचे आजोबा माझ्याकडे वळले. त्यांच्या नातवाचंही हेच, रोज ओरडा खातो बिचारा. डॉक्टर कोण? मी नंबर दिला. वर नीट समजावलं, पाणी तोडू नका, रागावू नका, सरळ डॉक्टरांकडे जा. त्यांनी कौतुकाने विचारलं, तुम्ही लगेच गेलात?
अर्थात, म्हटलं. पहिल्याच दिवशी.
नूपुरने आजोबांना बंगालीत सविस्तर माहिती दिली. आमचा स्टॉप येईपर्यंत. ऑटोवाल्याने आरसा वळवून माझ्याकडे बघितलं.
मला बंगाली येत नाही. पण एवढं कळलं.