ओला पाटा

जबलपूर, रविवार

ती. आईस प्रणालीचा वाकून नमस्कार.

महालक्ष्म्या नीट पार पडल्या, काळजी करू नकोस. सासूबाईही खूश आहेत.

फोनवर सांगायची हिंमत झाली नाही. या घरात नैवेद्याचं पुरण पाट्यावरच वाटायचं असतं, अन् मी ते मिक्सरमध्ये वाटलं! सासूबाई देवळात गेल्या होत्या. नंतर पाटा-वरवंटा नुसता ओला करून ठेवला.

काल सासूबाई अन् मी राइट टाउनातल्या फिल्म क्लबात एक जुना फिलिपिनो सिनेमा बघायला गेलो. त्यात शहरातली सून गिरणीतून तांदूळ आणते अन् उखळात मीच कांडला म्हणते. खरं कळल्यावर सासू भरल्या ताटावरून उठते.

परतताना ऑटोत मी रडत रडत सगळं सांगून टाकलं. सासूबाई हसायलाच लागल्या. "रडून काहून राहिली? तुझे सासरे बाजारात गेले की मीही मिक्सरच लावत होती. पाटा ओला करून ठेवत होती."

हुश्श झालं बघ. बाबांचा गुडघा कसा आहे?

अन् आई, आता खरं सांग. आपल्याकडे दर महालक्ष्म्यांना पाटा ओला दिसायचा, तो कशानं गं?

तुझी,
प्रणाली