पापणीचं दिवाळं काढण्याचा बेत

१२ जानेवारी, संध्याकाळ
मुलीच्या शाळेत महिनाअखेर प्रदर्शन. तिच्या वर्गाला विषय मिळालाय : स्वप्नातला देश. त्या देशाचा खजिना मुलीकडे आलाय. यायचाच. बाप बावीस वर्षं बँकेत कॅशियर आहे, रक्त बोलतं. तिथलं चलन मी बसवून देणार, असं जेवताना जाहीर केलं. मुलगी म्हणाली, बघू. लाजली असावी.

१५ जानेवारी
नियमावली तयार. अकरा पानं. आठ डुलक्यांची एक पेंग, आठ पेंगांची एक गाढ झोप. प्रत्येक नोटेमागे खजिन्यात तितका कापूस राखीव. हिला वाचून दाखवली. दुसऱ्याच पानावर हिचा डोळा लागला. म्हणजे चलन चालतं.

१७ जानेवारी
नियमावली नामंजूर. मुलगी म्हणाली, बाबा, छान आहे, पण आमचं वेगळंच ठरलंय. चलनाचं नाव पापणी. दुकानात यायचं, आपल्याला पडलेलं स्वप्न सांगायचं, एक पापणी घ्यायची. वाईट स्वप्नाला तीन. घाबरल्याची भरपाई म्हणे. पापण्या देऊन सरबत, बिस्किटं. शाळा सुटली की सगळ्या नोटा बाद.
राखीव निधी शून्य! हे डोकं तेरा वर्षांच्या पोरीचं नाही. विचारलं, काल कुठे होतीस? तर मामाच्या दवाखान्यात.
कळलं.

१८ जानेवारी
मेहुण्याबद्दल काही लिहायचं नाही असं ठरवलंय. दातांचा डॉक्टर. लोक त्याचं बोलणं आ वासून ऐकतात, कारण तोंड मिटायची सोय नसते. आमच्या लग्नात मला म्हणाला होता, कॅशियर म्हणजे दुसऱ्याचे पैसे मोजणारा ना? सगळे हसले. सोळा वर्षं झाली. मी केव्हाच विसरलोय.
पोरीला सायकल त्याने शिकवली. पोहायला त्याने नेलं. मी दर वेळी बँकेत. खजिना तरी माझा होता.

२० जानेवारी, सकाळ
सूड. पण थंड डोक्याने. चलन मारायचं तर बाजारात बनावट नोटा ओताव्यात, हे मला कुणी शिकवायला नको. दोनशे पापण्या सोडायच्या. सरबत, बिस्किटं तासाभरात फस्त. मग लोक स्वप्नं सांगून नोटा घेतील आणि त्या नोटांना काहीच मिळणार नाही. पापणी झोपली! मेहुण्याचे दात त्याच्याच घशात. पोरगी रडत माझ्याकडे येईल आणि मी शांतपणे नियमावली पुढे करीन.
यात पोरीचं काही वाईट होतंय का, याचाही विचार केला. पाच मिनिटं. नाही होत.

२२ जानेवारी
मुलीच्या दप्तरातून एक कोरी पापणी घेतली. मिटलेला डोळा, त्याला सात केस. चोरी नव्हे, नमुना.

२४ जानेवारी
झेरॉक्सवाल्याने विचारलं, डोळ्यांचं शिबिर आहे का? हो म्हटलं. दोनशे प्रती, जाड कागदावर. बाथरूममध्ये बसून कापल्या. ही बाहेरून ओरडली, पोट बिघडलंय का? अंगठ्याला फोड आलाय. सुडाला कष्ट पडतात.

२५ जानेवारी
आज काउंटरवर एका म्हाताऱ्याकडची बनावट नोट पकडली. त्याला नीतीवर दहा मिनिटं सुनावलं. मॅनेजर म्हणाले, बरं बोललात.

२७ जानेवारी, शनिवार, दुपार. शाळेतला बाक.
वर्गाबाहेर बसून लिहितोय.
पहिली खेप पंचवीस पापण्यांची. पाच ग्लास सरबत मागितलं. काउंटरवर मुलगीच. तिने नोट चोळली नाही, उजेडात धरली नाही. नुसती उलटली. खऱ्या पापणीच्या पाठीवर ती मिळवणाऱ्याचं स्वप्न एका ओळीत लिहिलेलं असतं. माझ्या पंचवीसही कोऱ्या.
मुलगी हळूच म्हणाली, बाबा, हे कुणाचं स्वप्न? मी म्हणालो, विसरलो. मग तिने खिसे रिकामे करायला लावले. आणखी एकशे पंचाहत्तर निघाल्या. मागे रांग. रांगेत तिच्या बाई. देशाचा कायदा असा, की बनावट नोटवाल्याच्या हातावर शिक्का आणि तो हद्दपार. शिक्का तिनेच मारला. सरळ, नीट दाबून. तिच्या डोळ्यांबद्दल लिहीत नाही.
बाहेर येतो तर बाकावर मेहुणा! त्यालाही हाकललेलं. म्हणाला, भावोजी, मला स्वप्नंच पडत नाहीत हो. एक रचून सांगितलं, तर एका चिमुरडीने दोन उलट प्रश्न विचारले आणि मी पडलो तोंडावर.
मी संधी साधली. म्हणालो, तुझं हे चलन पडणारच होतं.
तो म्हणाला, माझं? मी फक्त शिक्क्याची शाई दिली. बाकी सगळं तिचं, पापणी हे नावसुद्धा. तुमची अकरा पानं घेऊन आली होती दवाखान्यात. दोन तास वाचत बसली. म्हणाली, बाबांचं एक तरी काहीतरी घ्यायचंच आहे.
मी विचारलं, मग काय घेतलं?
म्हणाला, बनावट नोटवाल्याचा कायदा. पान नऊ.

२८ जानेवारी
मुलीच्या खोलीशी तीनदा गेलो. तिन्ही वेळा म्हणाली, अभ्यास करतेय.
शिक्का जात नाहीये. साबण, लिंबू, रॉकेल झालं. नाइलाजाने मेहुण्याला फोन केला. म्हणाला, दातांच्या साच्यांवर खुणा करायची शाई ती. आठवडाभर राहील.

२९ जानेवारी, सोमवार. बँक, जेवणाची सुट्टी.
काउंटर उघडलं. पहिल्या बाईंना शंभर नोटा मोजून दिल्या. त्यांची नजर माझ्या हातावर गेली. त्यांनी वाचलं : बनावट. मग त्या बाजूला झाल्या आणि एकेक नोट उजेडात धरून बघू लागल्या. शंभरच्या शंभर. त्यांच्या मागच्यानेही तेच केलं. त्याच्या मागच्यानेही. साडेअकराला रांग दाराबाहेर गेली.
मॅनेजर म्हणाले, शाई जाईपर्यंत हातमोजे घाला.
घातलेत. आता नोटा मोजता येत नाहीत.